जुन्या शर्यतखेळांचा नवा संसार : सामुदायिक मॉडपॅक आणि महाराष्ट्राबाहेरची मराठी

नोव्हेंबर २००५ मध्ये आलेला ‘नीड फॉर स्पीड : मोस्ट वाँटेड’ हा संगणकावरील गेम आज कोणत्याही अधिकृत डिजिटल दुकानात विकत मिळत नाही. त्याच्या निर्मात्या कंपनीने त्यासाठी दुरुस्ती काढणे केव्हाच थांबवले आहे. तरीही हा गेम जगभर खेळला जातो. आजच्या रुंद पडद्यावर तो नीट बसतो, त्यात नव्या गाड्या धावतात आणि वीस वर्षांपूर्वीच्या चुकाही दुरुस्त झालेल्या दिसतात. हे काम कंपनीने केलेले नाही. खेळणाऱ्यांनीच फावल्या वेळात, मोबदल्याशिवाय ते केले आहे. त्यांच्या या कामाच्या एकत्रित गाठोड्याला ‘मॉडपॅक’ म्हणतात.

हा विषय केवळ छंदाचा नाही. विकत घेतलेली वस्तू कोणाची, विक्रेत्याने पाठ फिरवल्यावर ती कोणी सांभाळायची आणि ज्या भाषेकडे बाजार पाहत नाही त्या भाषेला अशा वस्तूत जागा कशी मिळायची, असे तीन प्रश्न त्यात गुंतलेले आहेत. तिसरा प्रश्न गोव्यातील मराठी वाचकांइतकाच मध्य प्रदेशातील पांढुर्णा आणि सौंसर या मराठी पट्ट्यालाही लागू पडतो. म्हणून या लेखात मॉडपॅकची सर्वसाधारण माहिती दिली असून त्या पट्ट्यातील एका रस्त्याचा नमुना पुढे सविस्तर मांडला आहे.

मॉड म्हणजे काय, मॉडपॅक म्हणजे काय

‘मॉड’ हे ‘मॉडिफिकेशन’ या शब्दाचे लघुरूप आहे. मूळ गेमच्या फायलींत केलेला किंवा त्यांना बाहेरून जोडलेला बदल, एवढाच त्याचा अर्थ. मॉड स्वतंत्र गेम नसतो. मूळ गेम संगणकावर असल्याखेरीज तो चालत नाही. पांढुर्णा-सौंसरच्या संत्रा बागायतदाराला हे नाते सहज कळेल. जंबेरीच्या खुंटावर संत्र्याचा डोळा भरतात. मुळे जंबेरीची राहतात, फळ संत्र्याचे येते. खुंट मेला तर कलमही जात नाही का? मॉडचेही तसेच आहे.

एकेक मॉड वेगळा मिळतो, मग संच कशासाठी? याचे उत्तर मॉडच्या परस्पर भांडणात आहे. ‘मोस्ट वाँटेड’मधील गाड्यांचे वजन, वेग, पकड, पोलिसांचे वागणे अशी बरीच माहिती एकाच मोठ्या कोशफायलीत साठवलेली असते. एका मॉडने गाड्यांची पकड बदलली आणि दुसऱ्याने पोलिसांची संख्या, तर दोघेही तीच फाइल बदलून देतात. नंतर टाकलेली फाइल आधीच्या फायलीला पुसून टाकते. खेळणाऱ्याला वाटते दोन्ही बदल झाले. प्रत्यक्षात एकच उरतो, किंवा गेम सुरूच होत नाही. मॉडपॅक करणारा हे तंटे आधीच मिटवतो. कोणता बदल कोणाशी जुळतो, कोणता आधी घालायचा, कोणता वगळायचा हे तो ठरवतो आणि तपासलेला संच एकत्र देतो. म्हणून मॉडपॅकची खरी किंमत त्यातल्या गाड्यांच्या संख्येवरून नव्हे, तर हा मेळ किती काळजीने घातला आहे त्यावरून ठरते.

रस्त्यावरील शर्यतीच्या गेमची पिढी

रस्त्यावरील शर्यत हा प्रकार संगणकावर रुजला तो १९९० च्या दशकाच्या अखेरीस. मायक्रोसॉफ्टने १९९९ मध्ये प्रसिद्ध केलेल्या ‘मिडटाउन मॅडनेस’मध्ये शिकागो शहर होते; २००० मधील दुसऱ्या भागात लंडन आणि सॅन फ्रान्सिस्को होती. शर्यतीच्या बंदिस्त मार्गाऐवजी अख्खे शहर मोकळे असणे ही त्यांची नवलाई होती. दुसऱ्या भागासाठी खेळणाऱ्यांनी गाड्याच नव्हे, तर संपूर्ण नवी शहरेही तयार केली.

इलेक्ट्रॉनिक आर्ट्स कंपनीच्या ‘नीड फॉर स्पीड’ मालिकेने २००३ मध्ये ‘अंडरग्राउंड’ या भागापासून रात्रीचे शहर आणि सजवलेल्या गाड्या मध्यभागी आणल्या. २००४ मध्ये ‘अंडरग्राउंड २’, २००५ मध्ये ‘मोस्ट वाँटेड’ आणि २००६ मध्ये ‘कार्बन’ आला. बेव्ह्यू, रॉकपोर्ट आणि पामाँट ही त्यांतली काल्पनिक शहरे. ‘मोस्ट वाँटेड’मध्ये पंधरा प्रतिस्पर्ध्यांची यादी एकेक करून संपवायची आणि त्याच वेळी पोलिसांच्या पाठलागातून निसटायचे, अशी रचना होती.

या पिढीच्या टिकाऊपणामागे एक साधे कारण आहे. ‘मोस्ट वाँटेड’ची किमान गरज २५६ एमबी रॅम आणि सुमारे ३ जीबी जागा एवढीच होती. आजचे शर्यतखेळ याच्या कितीतरी पट जागा आणि महागडे ग्राफिक्स कार्ड मागतात. लहान गावात सेकंडहँड संगणक घेतलेल्या विद्यार्थ्यासाठी जुना गेम ही केवळ आठवणींची हौस नसते. त्याच्या यंत्रावर सुरळीत चालेल असा तोच असतो.

कंपनी निघून गेल्यावर

अमेरिकेतील ‘व्हिडिओ गेम हिस्टरी फाउंडेशन’ या संस्थेने जुलै २०२३ मध्ये प्रसिद्ध केलेल्या अभ्यासानुसार, २०१० पूर्वी त्या देशात प्रसिद्ध झालेल्या गेमपैकी ८७ टक्के आज बाजारात अधिकृतपणे उपलब्ध नाहीत. शर्यतखेळांना ही अडचण अधिक जाणवते. त्यांतील गाड्या खऱ्या कंपन्यांच्या असतात, गाणी खऱ्या कलावंतांची असतात, आणि या दोन्हींचे परवाने मुदतीचे असतात. मुदत संपली की परवाने नव्याने घेण्यापेक्षा गेम विक्रीतून काढणे कंपनीला स्वस्त पडते. ‘कार्बन’, ‘अंडरकव्हर’, ‘शिफ्ट’, ‘शिफ्ट २’ आणि ‘द रन’ हे पाच भाग ३१ मे २०२१ रोजी विक्रीतून काढले गेले. त्यांची ऑनलाइन सेवा त्याच वर्षी ३१ ऑगस्टला बंद झाली.

विकत घेतलेल्या सीडीचीही खात्री उरलेली नाही. त्या काळच्या अनेक सीडींवर ‘सेफडिस्क’ नावाचे नक्कलविरोधी कुलूप असे. त्या कुलपासाठी विंडोजमध्ये बसवलेला जुना ड्रायव्हर सुरक्षेला धोकादायक ठरल्याने मायक्रोसॉफ्टने २०१५ मध्ये विंडोज १० मधून वगळला आणि आधीच्या आवृत्त्यांतही सुरक्षा सुधारणेद्वारे निष्क्रिय केला. परिणामी पैसे मोजून घेतलेली मूळ सीडी नव्या संगणकात घातली तरी गेम सुरू होत नाही.

केवळ ऑनलाइन चालणाऱ्या गेमची स्थिती याहून वाईट. ‘नीड फॉर स्पीड : वर्ल्ड’ २०१० मध्ये सुरू होऊन १४ जुलै २०१५ रोजी बंद झाला. खेळणाऱ्यांनी त्याच्या सर्व्हरची वागणूक अभ्यासून स्वतंत्र सर्व्हर उभारले आणि ‘सोपबॉक्स रेस वर्ल्ड’ या नावाने तो पुन्हा चालू केला. युबिसॉफ्टच्या ‘द क्रू’ या २०१४ च्या गेमचे सर्व्हर मार्च २०२४ अखेर बंद झाले आणि ज्यांनी तो विकत घेतला होता त्यांच्या हाती काहीच उरले नाही. त्यातूनच ‘स्टॉप किलिंग गेम्स’ ही ग्राहक चळवळ उभी राहिली. युरोपीय संघाकडे दाद मागणाऱ्या तिच्या निवेदनाने जुलै २०२५ मध्ये दहा लाख सह्यांचा टप्पा ओलांडला. सप्टेंबर २०२५ मध्ये खेळणाऱ्यांनीच ‘द क्रू अनलिमिटेड’ या प्रकल्पाद्वारे तो गेम पुन्हा खेळण्याजोगा केला.

मॉडचे प्रमुख प्रकार

दुरुस्तीचे मॉड सर्वांत उपयुक्त. २००५ चे गेम बहुधा चौरसाकडे झुकणाऱ्या ४:३ पडद्यासाठी घडवलेले होते. आजच्या १६:९ पडद्यावर ते ताणले जातात आणि गाड्या बसक्या दिसतात. ‘वाइडस्क्रीन फिक्सेस पॅक’ हा मुक्त प्रकल्प ही अडचण दूर करतो. ‘अंडरग्राउंड’पासून पुढच्या अनेक भागांसाठी तो उपलब्ध आहे. गेमची मुख्य फाइल न बदलता, गेम सुरू होताना स्मृतीत लहान दुरुस्ती बसवणे ही त्याची पद्धत. अशा जोडण्या आत घेणाऱ्या साधनाला ‘एएसआय लोडर’ म्हणतात.

दृश्य बदलणारे मॉड रस्ते, इमारती, आकाश आणि प्रकाश यांची चित्रे अधिक स्पष्ट करतात. ते देखणे असले तरी संगणकावर भार वाढवतात. जुन्या यंत्रावर ते टाळलेलेच बरे.

गाड्यांचे मॉड दोन प्रकारचे असतात. एका प्रकारात जुन्या गाडीच्या जागी नवी बसवली जाते. दुसऱ्या प्रकारात जुनी तशीच ठेवून नवी जोडली जाते. दुसरा प्रकार कठीण, कारण गेमच्या यादीत मुळात नसलेली नोंद घडवावी लागते.

नियम बदलणारे मॉड पोलिसांची चिकाटी, प्रतिस्पर्ध्यांचे कौशल्य किंवा बक्षिसाची रक्कम बदलतात. या साऱ्यांची मोट बांधून कधी संपूर्ण कायापालट घडवला जातो. हवाईतील ओआहू बेटाचे रस्ते असलेल्या ‘टेस्ट ड्राइव्ह अनलिमिटेड’ या २००६ च्या गेमसाठी तयार झालेला ‘प्लॅटिनम’ हा संच याचे ठळक उदाहरण. त्यात शेकडो गाड्यांची भर पडलेली आहे.

आतली रचना

‘मोस्ट वाँटेड’च्या फोल्डरमध्ये गाड्या, मार्ग, भाषा, सुरुवातीचे पडदे आणि सर्वसाधारण माहिती यांचे वेगवेगळे उपविभाग आहेत. गाडीच्या उपविभागात तिचा त्रिमितीय आकार एका फायलीत, रंगपोत दुसरीत आणि सजावटीची चित्रे तिसरीत असतात. या फायलींची भाषा कंपनीने कधी जाहीर केली नाही. खेळणाऱ्यांनी अंकांच्या राशी तपासत ती उलगडली आणि त्यातून ‘व्हीएलटीएड’ व ‘बायनरी’ यांसारखी संपादन साधने तयार केली.

या साधनांनी एक महत्त्वाची पद्धत रूढ केली. पूर्वी मॉड करणारा आपली बदललेली संपूर्ण फाइल वाटत असे. आता तो केवळ बदलांची यादी वाटतो : अमुक नोंद शोधा, तिथला आकडा इतका करा. खेळणाऱ्याच्या संगणकावरील साधन ती यादी वाचून त्याच्याच मूळ फायलीत बदल करते. यामुळे दोन लाभ झाले. अनेक मॉड एकाच फायलीत गुण्यागोविंदाने नांदू लागले, आणि कंपनीच्या मालकीची फाइल वाटण्याचा प्रश्नच उरला नाही.

कायदा काय सांगतो

भारतीय प्रताधिकार कायदा, १९५७ मधील कलम ५२ या संदर्भात मुळातून वाचण्याजोगे आहे. स्वतः कायदेशीरपणे मिळवलेल्या संगणक प्रणालीची वैयक्तिक, बिगर-व्यापारी वापरासाठी प्रत काढणे किंवा तिचे रूपांतर करणे हा त्या कलमानुसार प्रताधिकाराचा भंग ठरत नाही. प्रणाली कशी चालते याचे निरीक्षण व अभ्यास करणे, तसेच स्वतंत्रपणे तयार केलेल्या प्रणालीशी तिचा मेळ घालण्यासाठी आवश्यक आणि एरवी सहज न मिळणारी माहिती काढणे यांनाही त्यात मर्यादित मोकळीक आहे.

मात्र या सवलतीच्या कडा स्पष्ट आहेत. ती मूळ प्रत कायदेशीर असणाऱ्यालाच मिळते. ती वैयक्तिक वापरापुरती आहे. मूळ गेमसकट बांधलेला मॉडपॅक वाटणे किंवा विकणे तिच्यात बसत नाही. प्रणालीची बेकायदा प्रत जाणूनबुजून वापरल्यास कलम ६३ ब अन्वये सात दिवस ते तीन वर्षे कैद आणि ५० हजार ते दोन लाख रुपये दंडाची तरतूद आहे. २०१२ च्या दुरुस्तीने आलेले कलम ६५ अ तांत्रिक कुलूप तोडण्याविषयी आहे. तिथे हक्कभंगाचा हेतू असणे हा गुन्ह्याचा गाभा मानला आहे. गेमसोबत येणाऱ्या करारातील अटी याहून कडक असू शकतात, याचेही भान ठेवावे लागते.

कंपन्यांची वागणूक सारखी नसते. ‘जीटीए ३’ आणि ‘व्हाइस सिटी’ या गेमची प्रणाली उलगडून पुन्हा लिहिणाऱ्या हौशी प्रोग्रामरांवर टेक-टू कंपनीने २०२१ मध्ये अमेरिकेत दावा लावला. याउलट हंगेरीतील इन्व्हिक्टस कंपनीच्या ‘स्ट्रीट लीगल रेसिंग : रेडलाइन’ या २००३ च्या गेमची कथा सुखद आहे. हा गेम चुकांनी भरलेला होता. खेळणाऱ्यांनी वर्षानुवर्षे तो दुरुस्त केला, आणि २०१६ मध्ये ‘स्टीम’ या दुकानात तो पुन्हा अधिकृतपणे विक्रीस आला तेव्हा त्या दुरुस्त्या त्यात सामावलेल्या होत्या.

सुरक्षितपणे वापरण्याची रीत

मूळ गेम नेहमीच्या ‘प्रोग्राम फाइल्स’मध्ये न ठेवता वेगळ्या फोल्डरमध्ये बसवावा, कारण तिथे विंडोज फायली बदलू देण्यास आडकाठी करते. ‘मोस्ट वाँटेड’साठी १.३ ही शेवटची अधिकृत सुधारणा आधी घालावी. बहुतेक मॉड तीच आवृत्ती गृहीत धरतात. त्यानंतर संपूर्ण फोल्डरची एक न हाताळलेली प्रत बाजूला काढून ठेवावी. जतन केलेला खेळ वेगळ्या ठिकाणी, ‘डॉक्युमेंट्स’मध्ये असतो, त्याचीही प्रत घ्यावी.

मॉड एकेक करून घालावेत आणि प्रत्येकानंतर गेम सुरू करून पाहावा. पाच एकदम घातले आणि गेम बंद पडला, तर दोष कोणाचा हे कळत नाही. काय घातले आणि कोणत्या क्रमाने, याची साध्या वहीत नोंद ठेवली तरी पुष्कळ वेळ वाचतो.

खरा धोका आहे तो पेनड्राइव्हवरून फिरणाऱ्या ‘सगळे तयार’ संचांचा. मूळ गेम, तोडलेले कुलूप आणि मॉड एकत्र बांधलेल्या अशा संचात हेरगिरी करणारी किंवा संगणक ओलीस धरणारी प्रणाली दडवणे सोपे असते. अँटिव्हायरस बंद करा, अशी सूचना सोबत असेल तर तो संच नाकारणेच शहाणपणाचे. चांगले मॉडकर्ते फायलीचा ‘हॅश’ म्हणजे अंकठसा जाहीर करतात. उतरवलेल्या फायलीचा ठसा त्याच्याशी जुळला तर ती वाटेत बदललेली नाही असे समजते. ज्या संचात मूळ मॉडकर्त्यांची श्रेयनामावली नाही, जो बाजारात पैसे घेऊन विकला जातो, तो बहुधा दुसऱ्यांच्या श्रमांची चोरी असतो.

देवनागरीची अडचण आणि तिची वाट

या गेमपैकी एकही मराठीत आला नाही. भाषांतराचे मॉड इतर अनेक भाषांत झाले, कारण गेममधील मजकूर स्वतंत्र भाषाफायलीत असतो आणि तो बदलता येतो. मराठीसाठी मात्र शब्द बदलणे पुरेसे नाही.

जुन्या गेममध्ये अक्षरे चित्ररूपाने साठवलेली असतात. एका मोठ्या चित्रपटावर सगळी रोमन अक्षरे मांडलेली असतात आणि प्रत्येक सांकेतिक क्रमांकामागे त्या पटावरचा एक चौकोन असतो. क्रमांक आला की चौकोन उचलायचा आणि डावीकडून उजवीकडे ठेवत जायचा. देवनागरी या साच्यात बसत नाही. ‘कि’ लिहिताना वेलांटी उच्चारात नंतर, पण दिसण्यात आधी येते. ‘शर्यत’मधला रफार पुढच्या अक्षराच्या डोक्यावर चढतो. ‘क्ष’, ‘त्र’, ‘द्ध’ यांत दोन वर्ण मिळून तिसरेच रूप घेतात. आजच्या संगणकात ही जुळणी करणारी स्वतंत्र यंत्रणा असते. २००५ च्या गेममध्ये ती नाही.

यावरचा तोडगा मराठी छपाई व्यवसायाला जुनाच ठाऊक आहे. युनिकोड रूढ होण्यापूर्वी ‘श्रीलिपी’सारख्या प्रणालींनी, तसेच पुण्याच्या ‘सी-डॅक’च्या फाँटांनी हेच केले. अक्षरांचे तुकडे, काने, मात्रा, अर्धे वर्ण आणि तयार जोडाक्षरे रोमन अक्षरांच्या क्रमांकांवर बसवली. पडद्यामागे संगणकाला रोमन मजकूरच दिसे, डोळ्यांना मराठी. मध्य प्रदेशात टंकलेखन शिकणाऱ्यांना परिचित असलेला ‘कृतिदेव’ फाँट याच तत्त्वाचा. गेमच्या चित्रपटावर रोमन अक्षरांच्या जागी देवनागरी तुकडे रंगवले आणि भाषाफायलीत त्यानुसार क्रमांक भरले, तर रॉकपोर्टमधला पोलीसही मराठीत बोलू लागेल, निदान पडद्यावरच्या ओळींत. डीटीपी केंद्रात वर्षे घालवलेल्या कारागिराचे ज्ञान इथे एखाद्या नवशिक्या प्रोग्रामरच्या ज्ञानापेक्षा जास्त उपयोगाचे ठरेल.

बसगाड्यांच्या गेममध्ये अशा आपलेपणाची चुणूक दिसलेली आहे. २०१७ मध्ये आलेल्या ‘बस सिम्युलेटर इंडोनेशिया’ या मोबाइल गेमच्या निर्मात्यांनी गाडीचे रंगरूप आणि आकार बदलण्याची सोय आपणहून दिली. त्यानंतर केरळ, तमिळनाडू, कर्नाटक आणि महाराष्ट्रातील राज्य परिवहनच्या गाड्या त्यात धावू लागल्या. महाराष्ट्राची लालपरी इंडोनेशियाच्या रस्त्यावर आली ती कंपनीच्या योजनेतून नव्हे, तर खेळणाऱ्यांच्या हौसेतून.

पांढुर्णा-सौंसर : एका रस्त्याचा नमुना

पांढुर्णा आणि सौंसर हे पूर्वी छिंदवाडा जिल्ह्याचे तालुके होते. २०२३ मध्ये त्यांचा मिळून पांढुर्णा हा नवा जिल्हा झाला. दोन्ही गावे नागपूरपासून शंभर किलोमीटरच्या आत आहेत. १९५६ पर्यंत नागपूर ही मध्य प्रदेशाची राजधानी होती. राज्य पुनर्रचनेत विदर्भ वेगळा झाला आणि हा पट्टा मध्य प्रदेशात राहिला. घरात वऱ्हाडी-नागपुरी वळणाची मराठी आणि कारभारात हिंदी, अशी इथली रीत. पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी जाम नदीच्या पात्रात पांढुर्णा आणि सावरगाव यांच्यात होणाऱ्या गोटमारीमुळे हे गाव बातम्यांत येते. त्यापलीकडची त्याची ओळख बाहेरच्यांना फारशी नाही.

शर्यतखेळाच्या दृष्टीने या भागाचा भूगोल विलक्षण आहे. नागपूरहून येणारा रस्ता सावनेरला दुभंगतो. एक फाटा सौंसरमार्गे छिंदवाड्याकडे, दुसरा पांढुर्ण्यामार्गे बैतूलकडे जातो. सौंसर आणि पांढुर्णा यांना जोडणारा आडवा रस्ता धरला की एक बंद त्रिकोण तयार होतो. सौंसरच्या पुढे छिंदवाड्याच्या वाटेवर सिल्लेवानीचा घाट आहे : सातपुड्याची चढण, दाट झाडी आणि एकापाठोपाठ एक वळणे. संत्र्याच्या बागांतून निघून घाटमाथ्यावर पोहोचणारा हा मार्ग कोणत्याही काल्पनिक शहरापेक्षा कमी रंजक नाही. गोमंतकीय वाचकाने चोर्ला किंवा अनमोड घाट डोळ्यांसमोर आणावा.

असा खरा रस्ता गेममध्ये उतरवणे शक्य आहे, याचा दाखला जपानचा आहे. ‘असेटो कोर्सा’ या २०१४ च्या गेमसाठी ‘शुटोको रिव्हायव्हल प्रोजेक्ट’ने टोकियोच्या द्रुतगती मार्गांचे जाळे उभे केले आणि जगभरचे खेळणारे त्यावर गाडी चालवतात. सिल्लेवानीसाठीही हाच गेम अधिक योग्य. ‘मोस्ट वाँटेड’मध्ये गाडी बदलणे सोपे, पण भूभाग नव्याने रचणे फार किचकट आहे. ‘असेटो कोर्सा’मध्ये ‘ब्लेंडर’ या मोफत साधनात तयार केलेला मार्ग ठरलेल्या स्वरूपात बदलून घालता येतो.

त्यासाठीची कच्ची सामग्री मोफत मिळते. रस्त्यांची रेषा ‘ओपनस्ट्रीटमॅप’वरून घेता येते. जमिनीच्या उंचीची माहिती इस्रोच्या ‘भुवन’ संकेतस्थळावर ३० मीटर अंतराच्या जाळ्यात उपलब्ध आहे. मात्र दुपदरी रस्त्याची डांबरी रुंदी जेमतेम ७ मीटर असते. ३० मीटरच्या जाळ्यात घाटाचे एखादे वळण हरवूनच जाते. म्हणून वळणाचा उतार, कठड्याची उंची, कोणत्या बाजूला दरी आणि कोणत्या बाजूला कातळ हे प्रत्यक्ष पाहून भरावे लागते. हे काम तिथल्या माणसालाच जमणारे आहे. केंद्र सरकारच्या १५ फेब्रुवारी २०२१ च्या भू-स्थानिक मार्गदर्शक सूचनांमुळे भारतीय नागरिकांना व संस्थांना अशा नकाशाकामासाठी पूर्वपरवानगीची गरज राहिलेली नाही. संवेदनशील स्थळांविषयीचे निर्बंध तेवढे पाळावे लागतात.

रस्ता उभा राहिला की उरते ती पाटीवरची भाषा. गावांची नावे, ढाब्याची पाटी, एसटीच्या मागची सूचना, कृषी केंद्राचा फलक हे सारे चित्रांच्या रूपात रंगवायचे असल्याने इथे देवनागरी जोडाक्षरांची अडचण येतच नाही. सीमेच्या अलीकडे मराठी पाट्या आणि पलीकडे हिंदी पाट्या, मधूनच दोन्ही भाषांची सरमिसळ, हे त्या रस्त्याचे खरे रूप जसेच्या तसे टिपता येईल.

यासोबत एक गोष्ट स्पष्ट असायला हवी. हा आनंद पडद्यावरचा आहे. सार्वजनिक रस्त्यावर विनापरवाना शर्यत लावणे हा मोटार वाहन कायद्याच्या कलम १८९ खाली गुन्हा आहे. २०१९ च्या दुरुस्तीनंतर पहिल्या गुन्ह्यास तीन महिन्यांपर्यंत कैद किंवा पाच हजार रुपयांपर्यंत दंड, अथवा दोन्ही शिक्षा होऊ शकतात. सिल्लेवानी असो वा चोर्ला, घाटातले वळण दुसरी संधी देत नाही.

जतन कोणी करायचे

मॉडचे आयुष्यही मूळ गेमइतकेच नाजूक असते. अनेक वर्षे मॉडच्या फायली सांभाळणारे ‘गेमफ्रंट’ हे संकेतस्थळ एप्रिल २०१६ अखेर बंद पडले, तेव्हा असंख्य दुवे एका दिवसात निकामी झाले. पुढे ते नव्या चालकांनी पुन्हा सुरू केले. एकाच ठिकाणी ठेवलेले काम टिकत नाही, हा त्यातला धडा. म्हणून जाणते मॉडकर्ते तयार फायलींसोबत त्यांची मूळ संपादनयोग्य सामग्री, वापराची पद्धत आणि श्रेयनामावलीही प्रसिद्ध करतात. करणारा थांबला तरी दुसऱ्याला तिथून पुढे जाता येते.

मराठीला ३ ऑक्टोबर २०२४ रोजी अभिजात भाषेचा दर्जा मिळाला. दर्जामुळे ग्रंथ, संशोधन आणि अध्यासने यांना बळ मिळेल. परंतु पांढुर्ण्याचा किंवा पेडण्याचा बारा वर्षांचा मुलगा संध्याकाळी ज्या पडद्यासमोर बसतो, तिथे मराठी पोहोचवणे सरकारी दर्जाने होणारे नाही, आणि एवढ्या लहान बाजारासाठी परदेशी कंपनी ते करील अशी अपेक्षा धरणेही व्यर्थ. महाराष्ट्राबाहेर राहून मराठी जपणाऱ्यांना हे नवे नाही. वाचनालये, नाट्यमंडळे आणि उत्सव त्यांनी स्वतःच उभे केले आहेत. मॉडपॅकची रीतही तीच आहे : मूळ वस्तू नेकीने मिळवायची, आपली भर मोकळेपणाने वाटायची, आधीच्याचे नाव पुसायचे नाही. एक कायदेशीर प्रत, मोफत मिळणारी साधने आणि आपल्या गावचा रस्ता नीट ठाऊक असलेली चार माणसे एवढ्या भांडवलावर ते काम सुरू होऊ शकते.